कॅमेरा बाळंतिणीच्या उशाशी

फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोटच्या एका प्रसूतिगृहात तपासणीसाठी आलेल्या बायकांची चित्रणं यूट्यूबवर झळकली. तिथून वाट टेलिग्रामकडे जात होती, आणि टेलिग्रामवर अशा चित्रणांची पैसे घेऊन विक्री चालली होती. पोलिसांनी तपास केला तेव्हा कळलं, की छुपा कॅमेरा कुणीच बसवलेला नव्हता. रुग्णालयाने सुरक्षेसाठी म्हणून लावलेल्या सीसीटीव्हीतूनच ही दृश्यं इंटरनेटमार्गे चोरीला गेली होती. पुढे अटक झालेल्यांत महाराष्ट्रातले तरुणही होते.

बातमी आली तेव्हा चर्चा झाली ती पासवर्डची, हॅकिंगची आणि सायबर गुन्ह्यांची. ती व्हायलाच हवी होती. पण त्याआधीचा एक प्रश्न बाजूलाच राहिला. बाई जिथे कपडे सैल करून तपासणीच्या टेबलावर निजते, त्या खोलीत कॅमेरा लावताना तिला कुणी विचारलं होतं का? चोरी झाली नसती, तरी ते चित्रण कुठल्या तरी पडद्यावर, कुणाच्या तरी नजरेसमोर होतंच.

या प्रकारानंतर बाळंतपणाच्या खोलीतून कॅमेरा कायमचा हद्दपार करावा, असं वाटणं स्वाभाविक आहे. मला मात्र तसं वाटत नाही. गेल्या शंभर वर्षांत कॅमेऱ्याने बाळंतपणाविषयीचं अज्ञान दूर केलं, सुइणींना शिकवलं आणि नवजात बाळ काय करू शकतं हे डॉक्टरांना दाखवून दिलं. आपलं बाळ जन्माला येताना स्वतःला जे पाहता आलं नाही, ते कितीतरी आयांना त्याने नंतर दाखवलं. त्याच कॅमेऱ्याने आयांचा अपमानही केला. हा फरक यंत्रामुळे पडत नाही. कॅमेरा कुणाच्या बाजूला उभा आहे, तो थांबवण्याचा अधिकार कुणाकडे आहे आणि झालेलं चित्रण कुणाच्या ताब्यात राहतं, या तीन प्रश्नांच्या उत्तरांवर तो अवलंबून असतो. चित्रपटांचा, रुग्णालयांचा आणि कायद्याचा इतिहास धुंडाळताना मी फिरून फिरून याच तीन प्रश्नांपाशी आले.

मेरी कोलींची पिशवी

११ एप्रिल १९३८ च्या अंकात अमेरिकेच्या ‘लाइफ’ साप्ताहिकाने ‘द बर्थ ऑफ अ बेबी’ या चित्रपटातली दृश्यं छापली. मातांच्या आरोग्यासाठी काम करणाऱ्या डॉक्टरांच्या समितीचा या चित्रपटाला पाठिंबा होता आणि गरोदर बाईने वेळेवर डॉक्टर गाठावा एवढाच त्याचा उद्देश होता. तरीही अनेक शहरांत तो अंक जप्त झाला. प्रकाशक रॉय लार्सन यांनी न्यूयॉर्कमध्ये मुद्दाम स्वतःच्या हाताने अंक विकला, अटक करून घेतली आणि न्यायालयातून ते निर्दोष सुटले. बाळंतपण दाखवणं म्हणजे अश्लीलता, असं मानणाऱ्या समाजात ती लढाई आवश्यकच होती. पण त्या वादात दाखवायचं की नाही एवढंच विचारलं गेलं. कसं दाखवायचं, हा प्रश्न पुढच्या पिढीच्या वाट्याला आला.

त्याचं एक उत्तम उत्तर १९५३ साली जॉर्जिया राज्यातून आलं. तिथल्या सार्वजनिक आरोग्य खात्याला सुइणींच्या प्रशिक्षणासाठी चित्रपट हवा होता. ते काम जॉर्ज स्टोनी या दिग्दर्शकाकडे आलं. दक्षिणेकडच्या राज्यांत तेव्हा वर्णभेद कायद्याने लागू होता. डॉक्टर दूर, रुग्णालय त्याहून दूर, आणि खेड्यापाड्यातल्या कृष्णवर्णीय बायकांची बाळंतपणं सुइणींच्या हातून होत. ऑल्बनी गावच्या मेरी कोली या अशाच एक नावाजलेल्या सुईण. आयुष्यात त्यांनी तीन हजारांवर बाळंतपणं केली, असं सांगितलं जातं. ‘ऑल माय बेबीज’ हा चित्रपट त्यांच्याभोवती गुंफलेला आहे.

या चित्रपटात एक खरंखुरं बाळंतपण आहे, आडपडदा न ठेवता चित्रित केलेलं. तरी ते पाहताना आपण कुणाच्या खोलीत चोरून डोकावतो आहोत असं वाटत नाही. बाळंतपणाच्या क्षणापर्यंत पोचण्याआधी आपण त्या बाईच्या घरी गेलेलो असतो. मेरी कोली तिला काय सांगतात, घरात तयारी कशी होते, उकळलेलं पाणी, स्वच्छ कापडं, धुतलेले हात, सुइणीच्या पिशवीतली एकेक वस्तू हे सारं आपण पाहिलेलं असतं. कळा सुरू होतात तोवर ती बाई आपल्यासाठी एक माणूस झालेली असते. कोलींचा शांत, धीर देणारा आवाज सतत कानावर पडत राहतो. कॅमेरा त्या घरात आला तो कोलींचं बोट धरून, आणि त्या बाईचा कोलींवरचा विश्वास हाच त्याचा परवाना होता.

हा चित्रपट पुढे अनेक देशांत प्रशिक्षणासाठी वापरला गेला. २००२ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेश झाला. गोऱ्या दिग्दर्शकाने, सरकारी पैशातून, कृष्णवर्णीय बायकांचं केलेलं हे चित्रण आहे आणि त्यातल्या सत्तेच्या विषमतेबद्दल अभ्यासकांनी लिहिलंही आहे. ती विषमता खरीच होती. म्हणूनच पडद्यावर सगळं ज्ञान मेरी कोलींच्या हातांत दिसतं, ही निवड मला मोलाची वाटते. पाहणाऱ्याने तिथे शिकायचं आहे, आणि शिकवणारी त्या समाजातलीच बाई आहे.

नवऱ्याच्या हातातला कॅमेरा

नोव्हेंबर १९५८ मध्ये स्टॅन ब्रॅकेज या तरुण प्रयोगशील दिग्दर्शकाने आपली पत्नी जेन हिच्या पहिल्या बाळंतपणाचं १६ मिलिमीटरच्या फितीवर चित्रण केलं. त्यातून १९५९ साली ‘विंडो वॉटर बेबी मूव्हिंग’ हा सुमारे बारा मिनिटांचा मूकपट तयार झाला. खिडकीतून येणारं ऊन, टबातलं पाणी, जेनचं ताणलेलं पोट, तिचा चेहरा, बाळाचं डोकं, वार, काहीच वगळलेलं नाही. फीत धुवायला गेली तेव्हा प्रयोगशाळेने ती अडवून धरली होती. आज जगभरच्या चित्रपट-विद्यालयांत तो दाखवतात.

त्यातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो भाग जेनने टिपलेला आहे. मध्येच ती कॅमेरा आपल्या हातात घेते आणि स्टॅनचा चेहरा चित्रित करते. घाबरलेला, हरखलेला, स्वतःला हरवून बसलेला नवरा आपल्याला बाळंतिणीच्या डोळ्यांनी दिसतो. तेवढ्यापुरती पाहण्याची सत्ता तिच्याकडे येते.

तरीही या चित्रपटावर आक्षेप आले, आणि ते फक्त सनातनी मंडळींचे नव्हते. अमेरिकेच्या प्रयोगशील सिनेमाची आद्य दिग्दर्शिका माया डेरेन हिला तो पटला नाही. बाळंतपण ही मुळात खाजगी गोष्ट आहे, प्राणीसुद्धा त्यासाठी आडोसा शोधतात, असा तिच्या म्हणण्याचा रोख होता. दुसरा आक्षेप स्त्रीवादी दिग्दर्शिकांनी आपल्या चित्रपटांतूनच नोंदवला. ब्रॅकेजचा चित्रपट मूक आहे. जेनचं सारं शरीर आपल्याला दिसतं, पण ती काय म्हणाली, कशासाठी ओरडली, कशाला हसली, यातलं काहीच कानावर येत नाही. मार्जरी केलर यांनी १९७७ साली ‘मिसकन्सेप्शन’ हा चित्रपट केला, तो याला दिलेलं उत्तर मानला जातो. त्यात आवाज आहे: आईचं बोलणं, तिच्या वेदना, भोवतालच्या माणसांचे सल्ले. बाळंतपण सुंदर असतं हे ठरवून टाकलेलं वाक्य आणि ज्या बाईवर ते गुदरतं आहे तिचा अनुभव यांतलं अंतर त्या चित्रपटात स्पष्ट ऐकू येतं.

जपानच्या नाओमी कावासे यांनी आणखी पुढचं पाऊल टाकलं. ‘ताराचिमे’ या २००६ सालच्या माहितीपटात त्यांनी स्वतःच्याच बाळंतपणाचं चित्रण वापरलं आणि त्याच्या जोडीला आपल्याला वाढवणाऱ्या वृद्ध आजीचं थकलेलं शरीर ठेवलं. काय दाखवायचं, किती वेळ दाखवायचं आणि कशाच्या शेजारी ठेवायचं, हे सगळं इथे बाळंत झालेल्या बाईनेच ठरवलेलं आहे. फ्रान्सच्या क्लेअर सिमॉन यांनी पॅरिसच्या तनाँ रुग्णालयातल्या स्त्रीरोग विभागात ‘नोत्र कोर’ हा माहितीपट चित्रित केला. तो २०२३ साली प्रदर्शित झाला. चित्रीकरण चालू असतानाच सिमॉन यांना स्तनाचा कर्करोग झाल्याचं निदान झालं, आणि त्या स्वतः रुग्ण म्हणून आपल्याच कॅमेऱ्यासमोर बसल्या. इतर बायकांकडे जे मागितलं, ते देण्याची वेळ आली तेव्हा त्यांनी ते दिलं.

या चित्रपटांचा क्रम लावला, की कॅमेरा हळूहळू पायथ्याकडून उशाकडे सरकताना दिसतो. पायथ्याशी उभा राहिलेला कॅमेरा बाळ बाहेर येताना पाहतो, आणि बाई त्याच्यासाठी जणू एक वाट होऊन जाते. उशाशी उभा राहिलेला कॅमेरा तिच्या नजरेतून खोलीकडे पाहतो. पुढे झुकलेल्या सिस्टर, हात घट्ट धरलेली बहीण, आणि मग छातीवर येणारं बाळ त्याला दिसतं.

शरीराला पाहणारा कळतो

कॅमेऱ्याच्या जागेचा संबंध फक्त सभ्यतेशी असता, तर हा विषय अभिरुचीपुरता राहिला असता. त्याला शरीरशास्त्राची बाजूही आहे. गर्भाशयाच्या कळा ऑक्सिटोसिन या संप्रेरकावर चालतात. भीती, संकोच, अनोळखी माणसांची वर्दळ यांमुळे शरीरात अॅड्रिनलिन वाढतं आणि कळा मंदावू शकतात. नाइल्स न्यूटन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० च्या दशकात उंदरांवर प्रयोग केले. प्रसूत होत असलेल्या माद्यांना वारंवार हलवलं, अस्वस्थ केलं, की त्यांची प्रसूती लांबते, असं त्यांना आढळलं. माणसाचं बाळंतपण उंदराइतकं सरळ नसतं, हे खरं. पण कुणी येताच कळा थांबल्या, हा अनुभव आपल्याकडच्या जुन्या सुइणींनाही नवा नव्हता.

फ्रान्समधल्या पितिव्हिएच्या रुग्णालयात काम केलेले डॉ. मिशेल ओदाँ यांनी हा मुद्दा आयुष्यभर लावून धरला. प्रखर दिवा, सतत प्रश्न विचारणं आणि कुणीतरी आपल्याकडे पाहत असल्याची जाणीव या तिन्हींनी बाळंतिणीचा विचार करणारा मेंदू जागा होतो, आणि तिचं शरीर जे आपसूक करू पाहतं त्यात अडथळा येतो, असं ते सांगत आले. कॅमेरा हाही पाहणाराच असतो, हे त्यांच्या मांडणीतून ओघानेच येतं. त्यांच्याआधी फ्रेडरिक लबॉये यांनी १९७४ च्या आपल्या पुस्तकात आणि माहितीपटात बाळाच्या बाजूने हीच मागणी केली होती: दिवे मंद करा, आवाज खाली आणा, घाई थांबवा.

याचा चित्रण करणाऱ्यासाठी अर्थ अगदी रोखठोक आहे. वेगळा दिवा लावायचा नाही, फ्लॅश मारायचा नाही, शटरचा आवाज बंद ठेवायचा. एकच माणूस आत जाईल, आणि बाईने त्याला आधी दोनदा-तीनदा भेटून पसंत केलेलं असेल. कळा मंदावल्या किंवा ती तोंड फिरवून घेऊ लागली, तर न सांगता बाहेर पडायचं. अंधारात चित्र खराब आलं, तर खराब येऊ द्यायचं.

सहीचा कागद आणि संमती

फेब्रुवारी २०१० मध्ये ब्रिटनच्या चॅनल फोरवर ‘वन बॉर्न एव्हरी मिनिट’ ही मालिका सुरू झाली. पहिल्या पर्वासाठी साउथॅम्प्टनच्या प्रिन्सेस अॅन रुग्णालयात चाळीस कॅमेरे भिंतींवर आणि छतावर बसवले होते. खोलीत चित्रीकरणाची माणसं नसल्याने बाळंतिणीला अडचण कमी होते, हा या पद्धतीचा मोठा फायदा. मालिका लोकप्रिय झाली, तिला बाफ्टा पुरस्कार मिळाला, आणि बाळंतपणाविषयी घराघरांत मोकळेपणाने बोलणं झालं. पण या पद्धतीत एक धोकाही आहे. माणूस समोर असला की त्याला ‘आता पुरे’ म्हणता येतं. भिंतीवरच्या भिंगाला कोण सांगणार? म्हणून अशा चित्रणाची नैतिकता सगळी संमतीच्या पद्धतीवर उभी राहते. आधी मोकळ्या वेळी विचारणं, कळांच्या वेळी पुन्हा विचारणं आणि बाळंतपणानंतर, प्रक्षेपणाआधी परत विचारणं, हे त्यात अपरिहार्य ठरतं.

ही काळजी सुटली की काय होतं, त्याचं उदाहरण ब्रिटनमध्येच घडलं. मृत बाळ जन्माला येण्याच्या दुःखावर माहितीपट करणाऱ्या एका निर्मिती संस्थेने २०१७ साली केंब्रिजच्या अॅडनब्रुक्स रुग्णालयातल्या प्रसूतिपूर्व तपासणी विभागात स्थिर कॅमेरे आणि मायक्रोफोन बसवले. विषय गंभीर होता, हेतू चांगला होता आणि रुग्णालयाची परवानगीही होती. बायकांना मात्र भिंतीवरच्या सूचनेतून चित्रीकरणाची माहिती मिळणार होती. बाळाची हालचाल जाणवत नाही म्हणून घाबरून धावत आलेली बाई भिंतीवरचा कागद वाचत नाही. तिथल्या माहिती आयुक्तांनी २०१९ साली या संस्थेला १ लाख २० हजार पौंडांचा दंड केला. अपिलात रक्कम कमी झाली, नियमभंगाचा ठपका राहिला.

कॅलिफोर्नियातलं प्रकरण याहून अंगावर येणारं आहे. सान दिएगोजवळच्या शार्प ग्रॉसमाँट रुग्णालयात भूलतज्ज्ञांच्या गाड्यांवरून औषधं चोरीला जात होती. चोर पकडण्यासाठी जुलै २०१२ ते जून २०१३ या काळात प्रसूतीच्या तीन शस्त्रक्रियागृहांत छुपे कॅमेरे ठेवले गेले. त्यात सुमारे १८०० बायकांचं चित्रण झालं. २०१९ साली ८१ जणींनी दावा दाखल केला. चोरीचा तपास करताना, समोर टेबलावर एक बाई आहे, याचा कुणी विचारच केला नव्हता.

या दोन्ही घटनांत कुणाच्या मनात विकृती नव्हती. संस्थेने परवानगी दिली की काम झालं, असं मानण्याची सवय होती. पण रुग्णालय आपल्या भिंतींबद्दल परवानगी देऊ शकतं, बाईच्या शरीराबद्दल नाही.

पडद्यावर जे येतं त्याचे परिणाम खोलीबाहेरही होतात. थेरेसा मॉरिस आणि कॅथरिन मॅकिनर्नी यांनी अमेरिकेतल्या बाळंतपणावरच्या रिअॅलिटी मालिकांचा अभ्यास करून २०१० साली ‘बर्थ’ या संशोधनपत्रिकेत निष्कर्ष मांडले. वैद्यकीय हस्तक्षेपाशिवाय बायकांची शरीरं बाळंत होऊच शकत नाहीत, असं चित्र या मालिकांतून उभं राहतं, असं त्यांना दिसलं. नाट्य हवं म्हणून घबराट, किंचाळ्या आणि धावपळ निवडली जाते. मग पहिलटकरीण तेच मनात घेऊन टेबलावर चढते. आपल्या सिनेमात तर अजूनही बंद दार, बाहेर येरझारा घालणारा नवरा आणि आतून येणारी किंकाळी एवढंच बाळंतपण असतं.

आपल्या घरांत, आपल्या रुग्णालयांत

महाराष्ट्रातल्या जुन्या घरांत बाळंतिणीची खोली म्हणजे बहुधा घरातली सर्वांत अंधारी खोली. हवा कोंडलेली, शेगडीचा धूर, आणि अस्वच्छतेमुळे जंतुसंसर्ग. कितीतरी बायका आणि बाळं त्यात दगावली. त्या खोलीचे गोडवे गाण्यात अर्थ नाही. मात्र आत कोण येणार, हे तिथे सुईण आणि घरातल्या जाणत्या बायका ठरवत. बाळंतपण दवाखान्यात गेलं तसं ते ठरवण्याचं काम संस्थेकडे गेलं.

आनंदीबाई जोशी यांना हा प्रश्न उमजला होता. त्यांचं पहिलं बाळ अवघं दहा दिवस जगलं. १८८३ साली बंगालमधल्या श्रीरामपूर (सेरामपूर) इथल्या भाषणात अमेरिकेला जाण्याची कारणं सांगताना, हिंदू बायकांना तपासायला स्त्री-डॉक्टर हव्यात, हे त्यांनी ठामपणे मांडलं. १८८६ साली त्या पदवीधर झाल्या, त्यांचा प्रबंध होता प्राचीन हिंदूंच्या प्रसूतिशास्त्रावर. त्याच वर्षी मुंबईत कामा रुग्णालय सुरू झालं, बायकांसाठी आणि बायकांच्याच हाताखाली चालणारं. एडिथ पेची या डॉक्टर त्याची धुरा सांभाळायला इंग्लंडहून आल्या होत्या. आपल्याला कुणी पाहावं हे ठरवण्याचा बाईचा हक्क आपल्या वैद्यकीय इतिहासाच्या पायातच आहे.

आज राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या आकड्यांनुसार महाराष्ट्रातली ९४.७ टक्के बाळंतपणं दवाखान्यात होतात. ही मोठी कमाई आहे. पण सरकारी लेबर रूममध्ये ओळीने टेबलं असतात, मध्ये पडदा असेलच असं नाही, आणि ओरडणाऱ्या बाईला दरडावणारे आवाजही असतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०१४ साली प्रसूतीच्या वेळी होणारा अपमान आणि गैरवर्तन यांविरुद्ध निवेदन काढलं. केंद्र सरकारने २०१६ साली सरकारी रुग्णालयांत प्रसूतीच्या वेळी सोबतीण असू द्यायला मान्यता दिली, आणि २०१७ च्या ‘लक्ष्य’ कार्यक्रमात खाजगीपण व आदरयुक्त वागणूक यांना गुणवत्तेच्या निकषांत जागा मिळाली. या सगळ्यात मोबाइलचा विचार मात्र फारसा झालेला नाही, आणि मोबाइल आज प्रत्येकाच्या खिशात आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये चेन्नईतल्या एका यूट्यूबरने शस्त्रक्रियागृहात स्वतःच बाळाची नाळ कापतानाचं चित्रण प्रसिद्ध केलं, आणि तमिळनाडूच्या आरोग्य खात्याला रुग्णालयावर कारवाई करावी लागली. असे व्लॉग मराठीतही निघतात. त्यात बाळंतिणीची परवानगी खरी किती आणि घरच्यांच्या उत्साहापुढे मोडलेली मान किती, हे बाहेरून कळत नाही.

याच राज्यात चांगलं कामही झालेलं आहे. जन्मल्या जन्मल्या बाळाला आईच्या पोटावर ठेवलं, तर ते स्वतः सरकत सरकत स्तनापर्यंत पोचतं आणि दूध ओढू लागतं, हे स्वीडनच्या कॅरोलिन्स्का संस्थेतल्या संशोधकांनी १९८७ साली नोंदवलं होतं. वाचून ते कुणाला खरं वाटत नसे. २००७ साली युनिसेफची महाराष्ट्र शाखा आणि स्तनपानासाठी काम करणारं राज्यातलं डॉक्टरांचं जाळं यांनी त्यावर छोटी फिल्म तयार केली, डॉ. प्रशांत गांगल यांनी त्यामागचं शास्त्र मांडलं. तासाभराच्या आत बाळ स्वतःची वाट शोधतं, हे पाहिल्यावर बाळाला आधी पुसायला, वजन करायला, दुसऱ्या खोलीत न्यायला इतकी घाई का, असा प्रश्न डॉक्टरांना आणि सिस्टरना पडू लागला. व्याख्यानांनी जे जमत नव्हतं, ते एका मातेच्या संमतीने झालेल्या थोड्याशा चित्रणाने साधलं.

कायदा कुठवर साथ देतो

भारतीय न्याय संहितेचं कलम ७७ बाईच्या खाजगी क्षणांचं तिच्या मर्जीविरुद्ध चित्रण करण्याला गुन्हा मानतं. त्यातलं एक स्पष्टीकरण प्रत्येक कुटुंबाने लक्षात ठेवावं असं आहे: चित्रण करायला बाईची संमती असेल, पण ते इतरांना दाखवायला नसेल, तर ते पसरवणं हा गुन्हा आहे. म्हणजे ‘तिनेच तर काढू दिलं होतं’ ही सबब कायद्याला मान्य नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ ई खाजगी अवयवांच्या चित्रांसाठी तीन वर्षांपर्यंत कैद सांगतं. भारतीय वैद्यकीय परिषदेच्या २००२ च्या आचारसंहितेनुसार, ओळख पटेल अशी रुग्णाची छायाचित्रं तिच्या परवानगीविना प्रसिद्ध करणं हे डॉक्टरचं गैरवर्तन ठरतं. आणि २०१७ च्या पुट्टस्वामी निकालाने खाजगीपण हा मूलभूत हक्क असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं.

कायदा एवढं करतो. पण सासूबाईंच्या आग्रहापुढे, किंवा ‘विद्यार्थ्यांना शिकायला बरं’ या डॉक्टरांच्या वाक्यापुढे नाही म्हणण्याचं बळ कायद्यातून येत नाही. ते पद्धतीतून आणावं लागतं.

काय करता येईल

पहिली गोष्ट वेळेची. संमती सातव्या-आठव्या महिन्यात, तिला एकटीला बसवून घ्यावी. नवऱ्यासमोर, सासरच्यांसमोर नको. कळा सुरू झाल्यावर घेतलेली नवी संमती धरू नये, पण त्या वेळी आलेला नकार तत्काळ मानावा. उपचारांच्या कागदांत चित्रणाची ओळ घुसडू नये, त्यासाठी स्वतंत्र कागद असावा. नाही म्हटल्याने उपचारांत काडीचा फरक पडणार नाही, हे तिला शब्दांत सांगावं.

दुसरी गोष्ट तिच्या वतीने बोलणाऱ्या माणसाची. कळांच्या भरात तिला स्वतःला बोलता येईलच असं नाही. सोबतिणीला ही जबाबदारी द्यावी: तिने हात वर केला, की चित्रण बंद. डॉक्टर किंवा सिस्टर बाहेर जा म्हणाल्या, तर त्याच पावली बाहेर. तिथे कारण विचारायचं नसतं. शेजारच्या टेबलावरची बाई, तिचा आवाज, तिच्या केसपेपरवरचं नावही चित्रात येता कामा नये. फिलिपिन्सच्या रमोना डियाझ यांनी मनिलाच्या फाबेला रुग्णालयात, जिथे एकेका खाटेवर दोन-दोन बाळंतिणी असत, ‘मदरलँड’ हा माहितीपट केला. एवढ्या गर्दीतही प्रत्येक बाई तिच्या बोलण्याने, तिच्या हसण्याने वेगळी लक्षात राहते. गर्दी आहे म्हणून कुणाचंही चित्रण करायला हरकत नाही, असा समज करून घेणाऱ्यांनी तो पाहावा.

तिसरी गोष्ट वाईट घडलं तर काय, याची. हे आधी बोलून ठेवणं अवघड असतं, तरी बोलावंच लागतं. बाळाला धोका निर्माण झाला, की कॅमेरा खाली ठेवायचा, हा सर्वसाधारण नियम असावा. पण बाळ गेलं, तर त्याचं एखादं छायाचित्र असावं असं कितीतरी आयांना वाटतं. अमेरिकेत २००५ पासून ‘नाऊ आय ले मी डाउन टू स्लीप’ ही संस्था अशा आईबापांना विनामूल्य छायाचित्रकार मिळवून देते. बाळ हातात घेतलेलं ते एकच चित्र आयुष्यभर पुरतं. आपल्याकडे असं छायाचित्र काढणं अशुभ मानणारे आहेत. त्या आईला काय हवं, हे तिलाच विचारावं, आणि लगेच उत्तर मागू नये.

चौथी गोष्ट चित्रणाच्या ताब्याची. चित्रण आपोआप क्लाउडवर जाणार नाही, कुटुंबाच्या व्हॉट्सअॅप गटात पडणार नाही, याची खात्री आधीच करावी. सगळं साहित्य बाळंतिणीच्या हाती द्यावं आणि ते पहिल्यांदा तिने पाहावं, तिला वाटेल तेव्हा, दोन आठवड्यांनी किंवा दोन वर्षांनी. बारशाच्या दिवशी टीव्हीला जोडून पाहुण्यांपुढे लावण्याची ती गोष्ट नाही. प्रशिक्षणासाठी वापर करायचा, तर त्याची संमती वेगळी, तीही नंतरची. आणि त्या चित्रणात आणखी एक माणूस आहे, ज्याला अजून बोलता येत नाही. मोठं झाल्यावर आपला जन्म जगाने पाहिलेला त्याला किंवा तिला आवडेल का, याचा विचार आज आईबापांनी करायला हवा.

माया डेरेनचा आक्षेप मी वारंवार मनात घोळवला आहे. आडोसा ही बाळंतिणीची खरी गरज आहे, यात शंका नाही. तरीही तो आडोसा किती असावा, हे ठरवणारी तीच असेल, तर तिला आपल्या बाळंतपणाची साक्ष हवीशी वाटण्यातही काही गैर नाही. सिझेरियनच्या पडद्याआड निजलेल्या बाईला आपलं बाळ पहिल्यांदा कसं रडलं, हे पाहायचं असतं. वाईट वागणूक मिळालेल्या बाईला ती कुठेतरी नोंदली जावी असंही वाटू शकतं. तिच्या मागणीने आलेला कॅमेरा तिचा आदर वाढवतो.

म्हणून माझं मागणं साधं आहे. राज्यातल्या प्रत्येक प्रसूतिगृहाने, सरकारी असो वा खाजगी, तपासणीच्या आणि प्रसूतीच्या खोल्यांतले सीसीटीव्ही काढून टाकावेत आणि सुरक्षेसाठीचे कॅमेरे दाराबाहेर, मार्गिकेत ठेवावेत. चित्रणाच्या संमतीचा स्वतंत्र मराठी कागद प्रत्येक गरोदर बाईच्या हाती नावनोंदणीच्या वेळीच पडावा. त्यावर चित्रण कोण करणार, कुठे उभं राहून करणार, थांबवण्याचा इशारा कोण देणार आणि ते कुणाकडे राहणार हे लिहिलेलं असावं. आणि तळाशी ठळक अक्षरांत एक ओळ असावी, की ही संमती ती कधीही, कारण न सांगता मागे घेऊ शकते आणि तसं तिने सांगताच चित्रण पुसलं जाईल. हा कागद छापायला खर्च नगण्य आहे. तो पाळायला डॉक्टरांनी, सिस्टरनी, नवऱ्यांनी आणि आपण सगळ्या नातेवाइकांनी एक सवय लावून घ्यायची आहे: बाळंतिणीला आधी विचारायचं, आणि तिचं उत्तर येईपर्यंत फोन खिशातच ठेवायचा.